गंगापूर रोडवरचा रविवारचा बुद्धिबळ वर्ग: नात खेळते, मी ऐकते

नात पाचवीत आहे. गेल्या जूनपासून दर रविवारी तिला या वर्गाला घेऊन येते. पालकांना मागे खुर्ची टाकून बसू देतात, त्यामुळे इथे लिहिते आहे ते सगळं मी स्वतः पाहिलेलं आहे.

आधी ती दुसरीकडे जायची. तिथे मुलांच्या हातात टॅब देऊन तासाला चाळीस चाळीस कोडी सोडवून घेत. कोडी सुटत होती. पण सहा महिन्यांनी मी तिला विचारलं, "तुला कोणाचा खेळ आवडतो गं?" तर विदित गुजराथी एवढं एकच नाव सांगितलं, तेही तो आपल्या नाशिकचा म्हणून. त्याचा एकही डाव तिने पाहिलेला नव्हता. माझ्या मनाला ते फार लागलं.

या वर्गात सुरुवातच डावापासून होते. नऊ वाजता सर भिंतीवरच्या मोठ्या पटावर एकच डाव मांडतात आणि पाऊण तास त्या खेळाडूची गोष्ट सांगतात. मग मुलं आपापसात खेळतात, प्रत्येक चाल वहीत लिहायची सक्ती. साडेअकराला सुटी.

पहिल्याच रविवारी विदितचा डाव होता. एप्रिल 2024, टोरांटोची कँडिडेट्स स्पर्धा (जगज्जेत्याला आव्हान कोण देणार हे ठरवणारी), दुसरी फेरी, समोर अमेरिकेचा हिकारू नाकामुरा. विदितकडे काळे मोहरे. पांढऱ्या राजापुढच्या प्याद्यावर त्याने आपला उंट नेऊन टाकला, आणि सर तिथेच थांबले. "उंट का दिला? सांगा." दहा मिनिटं मुलं भांडत होती. विदित तो डाव जिंकला. पुढे नवव्या फेरीत त्याच नाकामुराला त्याने पुन्हा हरवलं. एवढ्यावर टाळ्या घेऊन थांबता आलं असतं, पण सरांनी हेही फळ्यावर लिहिलं की त्या स्पर्धेत विदितचे 14 पैकी 6 गुण झाले आणि तो सहावा आला. त्याच वर्षी बुडापेस्टला भारताने बुद्धिबळ ऑलिंपियाडचं सुवर्ण मिळवलं, त्या संघात तो होता. मुलांपासून काही लपवायचं नाही आणि काही फुगवायचं नाही, ही सरांची रीत मला मनापासून पटली.

सुलतान खानचा रविवार तर मी विसरणार नाही. पंजाबचे जमीनदार सर उमर हयात खान यांच्या पदरी असलेला हा पंजाबी माणूस आपल्या देशी नियमांनी खेळत मोठा झाला. आमच्या पंचवटीतल्या वाड्याच्या ओट्यावर वडील तसंच खेळायचे: प्यादं पहिल्या चालीलाही एकच घर पुढे, आणि प्याद्याने मात केली तर तिचा मान वेगळा. सर प्याद्याबद्दल बोलायला लागले आणि मला तो ओटा दिसायला लागला. 1929 साली सुलतान खान लंडनला गेला आणि त्याच वर्षी ब्रिटिश अजिंक्यपद जिंकला. 1932 आणि 1933 ला पुन्हा. मध्ये इंग्लंडमधल्या हेस्टिंग्जच्या स्पर्धेत त्याने माजी जगज्जेत्या कापाब्लांकाला हरवलं. मग मायदेशी परतला आणि मोठ्या स्पर्धांमधून नाहीसाच झाला. 1966 ला गेला. ग्रँडमास्टर हा मानाचा किताब मिळाला तो 2024 मध्ये. एका मुलाने विचारलं, "मग त्याला कळलंच नाही?" सर म्हणाले, "नाही." आणि पुढचा डाव लावला.

आता तक्रार. हॉलच्या भिंतीवर चौदा खेळाडूंची चित्रं लावली आहेत, आणि ऑगस्टपर्यंत त्यात एकही बाई नव्हती. अठरा मुलांमध्ये पाच मुली बसतात. मी दोन महिने गप्प राहिले, मग वर्ग सुटल्यावर सरांना थांबवून विचारलं. ते क्षणभर काही बोलले नाहीत. मग म्हणाले, "काकू, खरं आहे तुमचं. माझ्या लक्षातच आलं नाही."

दोन आठवड्यांनी व्हेरा मेन्चिकचा रविवार झाला. 1927 ची पहिली महिला जगज्जेती. 1929 ला कार्ल्सबाडला पुरुषांच्या स्पर्धेत तिला बोलावलं, तेव्हा त्याच स्पर्धेतला एक खेळाडू अल्बर्ट बेकर म्हणाला की जो तिच्याकडून हरेल त्याला मेन्चिक क्लबचा सभासद करू. पहिला सभासद तोच झाला. पुढे त्या यादीत मॅक्स युवेही आला. हेस्टिंग्जला ती त्याच्याशी दोनदा जिंकली. युवे म्हणजे ॲमस्टरडॅमला मुलींच्या शाळेत गणित शिकवणारा मास्तर, ज्याने 1935 ला अलेखाइनला हरवून जगज्जेतेपद घेतलं. मेन्चिक 1944 ला लंडनवर पडलेल्या जर्मन उडत्या बॉम्बमध्ये आई आणि बहिणीसह गेली. तेव्हाही जगज्जेती तीच होती.

सरांनी इथे मला पुढे बोलावलं, कारण युवेचं नाव ऐकून मी मागून हात वर केला होता. मी 1964 ची. रोहिणी खाडिलकर माझ्याहून एकाच वर्षाने मोठी. नवाकाळच्या नीलकंठ खाडिलकरांच्या तिन्ही मुली, वासंती, जयश्री आणि रोहिणी, खेळायच्या. 1974 ला महिलांची पहिली राष्ट्रीय स्पर्धा वासंतीने जिंकली आणि पुढे कित्येक वर्षं तो किताब त्यांच्याच घरात फिरत राहिला. 1976 ला तेरा वर्षांची रोहिणी पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेत उतरली. केवढा गदारोळ झाला! प्रकरण उच्च न्यायालयापर्यंत गेलं. शेवटी जागतिक संघटनेच्या अध्यक्षांनी निर्णय दिला की मुलगी म्हणून कोणालाही अशा स्पर्धेतून अडवता येणार नाही. ते अध्यक्ष होते मॅक्स युवे.

हे सांगताना माझा आवाज भरून आला. त्या वर्षी मी वाड्यातल्या सगळ्या मुलांना हरवत होते. वडिलांनी ओट्यावर बसू दिलं तेही मी न्हाणाला येईपर्यंतच. रोहिणीचा पेपरातला फोटो कापून मी दप्तरात ठेवला होता. ही गोष्ट मी आजवर कोणाला सांगितली नव्हती, नातीलाही नाही. त्या दिवशी घरी येताना स्कूटरवर ती मला घट्ट धरून बसली होती.

आता भिंतीवर मेन्चिक आहे, तिन्ही खाडिलकर भगिनी आहेत आणि नागपूरची दिव्या देशमुखही आहे. 2025 ला बाटुमीला कोनेरू हम्पीला हरवून महिला विश्वचषक जिंकला आणि तिथेच ग्रँडमास्टर झाली, ती.

बाकी कमी-जास्त: फी महिना 1,200 रुपये, मला वाजवी वाटते. हॉलला दोनच पंखे आहेत, मे महिन्यात मुलं घामाघूम होतात. एक पंखा वाढवायलाच हवा. गोष्टीच्या नादात डावाचा शेवट घाईत उरकला जातो, राजा-प्याद्यांचे डाव अजून शिकवायला हवेत. माझी नात हत्ती हाती असताना दोनदा बरोबरीत सुटली ती याचमुळे. सरावाची पानं इंग्रजीत आहेत, ती मराठीत मिळाली तर मराठी शाळेतल्या मुलांचं फार सोपं होईल. सरांनी दिवाळीनंतर करतो म्हटलंय. चारचाकी आणू नका, गल्लीत जागा नाही.

पाचपैकी साडेचार. पुढच्या महिन्यात आपल्या मराठी बुद्धिबळपटू भाग्यश्री साठे-ठिपसे यांचा रविवार आहे. पहिला वर्ग बघायला पैसे घेत नाहीत; मुलीला घेऊन त्याच दिवशी या.