माडावर चढायचं यंत्र: जवळपास वर्षभराच्या वापरानंतर

वेंगुर्ल्याकडे आता माडाला पाणी मिळतं, खत मिळतं, पाडेली, म्हणजे माडावर चढून नारळ पाडणारा माणूस, मिळत नाही. जुने थकले, त्यांची मुलं गोव्यात नाहीतर मुंबईत नोकरीला. जो येतो तो घाईत असतो. नारळ पाडून दुसऱ्या बागेत पळतो, शेंडा साफ करायचं नाव काढलं की वेगळे पैसे सांगतो. म्हणून गेल्या दिवाळीनंतर चढायचं यंत्र घेतलं.

यंत्र उभ्याने चढायचं, केरळात कन्नूर जिल्ह्यातल्या चेंबेरीच्या एम. जे. जोसेफ यांनी तयार केलं त्या पद्धतीचं. आता ते ठिकठिकाणी बनतं. दोन पायांना दोन लोखंडी चौकटी, प्रत्येकीला खोडाभोवती अडकवायची तारेची दोरी, खोडाला टेकायला रबर. पायावर भार आला की तार आवळते, पाय उचलला की सुटते. एक पाय वर, मग दुसरा. कृषी विज्ञान केंद्रात प्रशिक्षण मिळतं, ते घेतल्याशिवाय कुणी चढू नये. आणि कमरेचा पट्टा यंत्रासोबत आला नसेल तर तो वेगळा घ्या, यात काटकसर नको.

वेगाबद्दल आधीच सांगतो: पाडेलीशी तुलना करू नका. तो दोन माड उतरून येतो तेव्हा मी पहिल्यावर असतो. खोड वर बारीक होत जातं, त्यामुळे अध्येमध्ये तारेचा वेढा कमी करावा लागतो. कललेल्या माडावर यंत्र एका अंगाला घसरतं. आमच्याकडचे समुद्राच्या बाजूला वाकलेले माड मी सोडून दिलेत, ते अजून पाडेलीच करतो. पावसात खोडावर शेवाळ धरतं तेव्हा जून ते सप्टेंबर यंत्र पडवीत टांगलेलं बरं.

मग घेतलं ते फुकट गेलं का? नाही. कारण पैसे वसूल झाले ते नारळ पाडून नव्हे, शेंड्यात वेळेवर डोकावता आलं म्हणून. खालून माड हिरवागार दिसतो. वर गेल्यावर कळतं की कोवळ्या कोंबाच्या बुडाशी भोक आहे आणि त्यातून चघळलेला भुसा बाहेर आलाय. गेंडा भुंगा. पुढे ती झावळी उलगडते तेव्हा कात्रीने कापल्यासारखी त्रिकोणी कापलेली दिसते. पण तोवर भुंगा आपलं काम करून गेलेला असतो. आता दीड-दोन महिन्यांनी वर जातो, तारेच्या आकड्याने भुंगा ओढून काढतो, कोंबाजवळच्या दोन-तीन झावळ्यांच्या बेचक्यात डांबरगोळी ठेवून वर वाळू टाकतो. खाली गायरी, म्हणजे शेणखताचा खड्डा, उलथून त्यातल्या पांढऱ्या जाड अळ्या वेचतो, कारण हा भुंगा कुजलेल्या शेणात वाढतो. माडाला वाढीचा कोंब एकच. तो गेला की फांदी फुटून झाड सावरेल ही आशा नसते.

साफसफाईबद्दल एक गोष्ट मात्र भांडून सांगावीशी वाटते. बरेच जण माडाची हजामत करतात, वर चार झावळ्यांची शेंडी ठेवतात आणि यजमानही खूश होतो, कसा स्वच्छ झाला म्हणून. उंच जातीच्या माडाला महिन्याला साधारण एक झावळी येते आणि प्रत्येक झावळीच्या बेचक्यातून एक पोय, म्हणजे माडाचा फुलोरा. हिरवी झावळी म्हणजे अन्न तयार करणारी जागा, शिवाय नारळाचा जड घड तिच्याच देठावर टेकलेला असतो. ती काढली की घड लोंबतो आणि दांडा मोडतो. मी फक्त पूर्ण वाळलेल्या झावळ्या, सुकलेल्या पोयी आणि देठांभोवतीची कुजकी जाळी काढतो. हिरवी झावळी तोडायची वेळ आलीच तर हातभराहून जास्त देठ ठेवतो. ताज्या जखमेच्या वासाने सोंड्या भुंगा येतो आणि तो खोडात शिरला की बाहेरून पत्ताही लागत नाही.

याच कारणासाठी, चढताना पाय ठेवायला खोडाला खाचा मारणं बंद झालं, हा यंत्राचा मला सगळ्यात आवडलेला भाग. आंब्या-फणसाची साल जखम भरून काढते, माडाला ती सोय नाही. आजोबांच्या काळात मारलेल्या खाचा आजही तशाच उघड्या आहेत, त्यातल्या एकीतून लालसर चीक गळतो.

उत्पन्न वाढलं का, असं शेजारी विचारतात. बोंडं, म्हणजे कोवळी फळं, गळायची कमी झालीत, एवढं खरं. पण त्याच वर्षी पालाश खत वेळेवर घातलं, पाण्याची आळी बुंध्यापासून सहा फुटांवर गोल केली, उन्हाळ्यात सोडणांचं, म्हणजे नारळाच्या सालींचं, आच्छादन दिलं. त्यामुळे सगळं श्रेय लोखंडाला देणार नाही. शिवाय पोय बाहेर पडण्याआधी अडीच-तीन वर्षं शेंड्यात घडत असते आणि ती उमलल्यावर नारळ पक्व व्हायला जवळपास वर्ष जातं. आज केलेल्या कामाचा हिशेब लगेच मागणाऱ्याने माड लावूच नये, भेंडी लावावी.

दहा-बारा सरळ माड असतील, घरात गुडघे धड असलेला माणूस असेल तर यंत्र घ्या. सुपारीवर ते चालत नाही, विचारणारे बरेच भेटतात म्हणून सांगतो. माडांची संख्या शंभरावर असेल तर चांगल्या पाडेलीला धरून ठेवा, त्याचा विमा उतरवा, चहा-जेवणात कसूर करू नका. यंत्र घेतलंच तर खाऱ्या वाऱ्यात तारेवर डोळा ठेवा. माझ्या तारेचे दोन धागे पावसाळ्यानंतर तुटलेले निघाले, विकणाऱ्याने हात वर केले, शेवटी सायकल दुरुस्तीवाल्याच्या ओळखीने तशीच जाड तार मिळवली. आता दर वेळी चढण्याआधी तारेवरून जुनं फडकं फिरवतो. धागा तुटला असेल तर ते अडकतं.