परराष्ट्र खातं की ओस्लोचा कारभार? रेमंड योहानसेन यांच्या दोन खुर्च्या

नॉर्वेच्या मजूर पक्षाचे रेमंड योहानसेन मूळचे प्लंबर. त्यांनी दिल्लीही बघितली आणि गल्लीही, म्हणजे देशाचं सरकारही आणि शहराचं सरकारही. वजन कुठल्या खुर्चीला जास्त, या तुलनेला हा माणूस सोयीचा.

आधी राष्ट्रीय बाजू. परराष्ट्र खात्यात ते राज्यसचिव होते, म्हणजे मंत्र्याच्या हाताखालचं राजकीय पद. मार्च 2007 मध्ये पॅलेस्टाइनच्या एकता सरकारचे (हमास आणि फतह या प्रतिस्पर्धी गटांचं मिळून सरकार) पंतप्रधान इस्माईल हनिया यांना ते गाझात जाऊन भेटले आणि जगभर बातमी झाली. पण धोरण मंत्रिमंडळाचं, शेवटची सही दुसऱ्याची. पुढे पक्षाचे सचिव झाले. संघटनेत वजन मोठं, सरकारी अधिकार शून्य.

राजधानी ओस्लोचं गणित वेगळंच. तिथे 1986 पासून शहरातही संसदीय पद्धत आहे. 59 जणांच्या नगर परिषदेचा विश्वास असेल तोवर शहर सरकार टिकतं. महापौर असतोच, पण तो परिषदेचा अध्यक्ष. खरा कारभार शहर सरकारच्या प्रमुखाकडे. 2015 ते 2023 ही खुर्ची योहानसेन यांची होती. शाळा, पाळणाघरं, वृद्धांची देखभाल, सगळं त्यांच्या गळ्यात. शहराच्या मध्यभागातली रस्त्यावरची शेकडो पार्किंग काढून तिथे सायकलमार्ग आणि बाकं आली. दुकानदार चिडले, आणि 2019 मध्ये गाड्यांवरच्या टोलला विरोध करणाऱ्या पक्षाने परिषदेत जागाही मिळवल्या. त्याच वर्षी 'युरोपची हरित राजधानी' हा किताब ओस्लोकडे होता, हा योग मजेशीरच.

माझं मत विचाराल तर वजन दुसऱ्या खुर्चीचं जास्त. मात्र तिथे शिव्याही थेट दारात येतात. 2023 च्या निवडणुकीनंतर उजव्या पक्षांनी शहर घेतलं.