गुणांचा तक्ता की नमुना ५? घरगुती हिंसाचाराच्या केसमध्ये धोका ठरवताना

नवं समुपदेशन केंद्र उभं करणारं किंवा जुन्या केंद्राचे कागद नव्याने बसवणारं कुणी भेटलं की हा प्रश्न येतोच. बाईच्या जिवाला धोका किती, हे ठरवायला गुण देणारा तक्ता घ्यायचा, की २००५ च्या घरगुती हिंसाचार संरक्षण कायद्याबरोबर आलेली सुरक्षा योजना, म्हणजे नमुना ५, नीट भरायची? मी दोन्ही वापरलंय. तालुक्याच्या गावातल्या आमच्या केंद्रात आता एकच चालतं. तुमचं केंद्र कुठे आहे, तिथे कोण बसतं, यावर तुमचं उत्तर वेगळं निघू शकतं, हे आधीच मान्य करते.

‘आम्हाला बघूनच कळतं’ हा तिसरा पर्याय मी विचारात घेत नाही. जुन्या ताईंना कळतं, यात शंका नाही. पण त्या बाळंतपणाला सुनेकडे गेल्या की केंद्राला काहीच कळेनासं होतं.

गुणांच्या तक्त्यांपैकी दोन नावं आपल्याकडच्या प्रशिक्षणांत फिरतात. एक डेंजर असेसमेंट. जॅकलिन कॅम्पबेल या अमेरिकन परिचारिका-संशोधिकेने १९८५ मध्ये तो केला. आताच्या रूपात २० प्रश्न, हो किंवा नाही, काही प्रश्नांना जास्तीचं वजन, आणि शेवटी बेरीज. दुसरा ब्रिटनचा डॅश, २००९ पासूनचा. तिथल्या केंद्रांत चालणाऱ्या त्याच्या २४ प्रश्नांच्या रूपात १४ ‘हो’ आले की केस थेट एका बैठकीत जाते. तिथे पोलीस, दवाखाना, घरांचं खातं आणि संस्था एकत्र बसतात. ही बैठकीची पद्धत २००३ मध्ये कार्डिफला सुरू झाली.

नमुना ५ आपल्या २००६ च्या नियमांतला. २००५ चा कायदा शिकवताना आपण घटना अहवालावर, म्हणजे नमुना १ वर, इतका वेळ घालवतो की पाचव्यापर्यंत पोहोचेस्तोवर जेवणाची सुट्टी होते. पाच रकाने: त्याने काय हिंसा केली, त्याचे परिणाम काय झाले, पुढे कशाची भीती वाटते, सुरक्षिततेसाठी काय करायला हवं, आणि कोर्टाकडून कोणते आदेश हवेत. भरायला मदत करणाऱ्याने तिसरा आणि चौथा रकाना तिच्याशी बोलून, तिच्या संमतीनेच भरायचा, असं त्या नमुन्यातच लिहिलेलं आहे.

आधी तक्त्याच्या बाजूने बोलते, कारण त्याची बाजू पोकळ नाही. नव्या समुपदेशक मुलीला गळा दाबल्याबद्दल विचारायचं सुचत नाही. मारहाण म्हटली की ती वळ, फ्रॅक्चर, टाके शोधते. गळा दाबल्याची खूण कित्येकदा दिसतच नाही, आणि बाईही ‘मानेला धरलं’ एवढंच म्हणून पुढे जाते. ज्या घरात नवऱ्याने गळा दाबलाय, तिथे पुढे जीव जाण्याचा धोका कितीतरी पट वाढतो, हे कॅम्पबेल आणि त्यांच्या सहकाऱ्यांच्या अभ्यासांतून पुढे आलंय. तक्ता तो प्रश्न विचारायला लावतो. गरोदरपणी मारलं का, जबरदस्ती केली का, त्याचं नसलेलं मूल तुला आहे का, तू घर सोडलंस का, तो मागावर राहतो का, हेही विचारायला लावतो. संकोचाने जे प्रश्न आपण उद्यावर ढकलतो, नेमके तेच.

दुसरं म्हणजे, बाईला स्वतःचा धोका नेहमी दिसतोच असं नाही. अमेरिकेतल्या ११ शहरांतला जो अभ्यास २००३ मध्ये छापून आला, त्यात जिवे मारल्या गेलेल्या किंवा थोडक्यात वाचलेल्या बायकांपैकी सुमारे निम्म्यांनाच आपल्या धोक्याचा नीट अंदाज होता. ‘तिला विचारा, तिला माहीत असतं’ असं म्हणणाऱ्या माझ्यासारख्यांनी हे लक्षात ठेवावं.

आणि कॅलेंडर. प्रश्नांच्या आधी वर्षाचं कॅलेंडर समोर ठेवून कधी कधी मारलं त्या तारखांवर खूण करायची, ही डेंजर असेसमेंटची पद्धत मला आजही त्यातली सगळ्यात मोलाची गोष्ट वाटते. आमच्याकडे तारखा कुणाच्या लक्षात नसतात. पण पोळ्याला, भावाच्या लग्नाहून आल्यावर, कापसाचे पैसे आले त्या रात्री, असं विचारत गेलं की कालनिर्णयवर खुणा पडत जातात. मग बाई स्वतःच म्हणते, “ताई, दिवाळीनंतर जास्तच झालंय की हे.” आम्ही फक्त पेन धरलेलं असतं.

एवढं सगळं असूनही माझं त्या तक्त्याशी जमलं नाही, ते शेवटच्या बेरजेमुळे.

बेरीज तक्त्यात राहत नाही. ती फाइलच्या कव्हरवर, उजव्या कोपऱ्यात, लाल पेनने चढते. मग फाइल कुणी उघडत नाही. आमच्याआधी हा तक्ता सुरू केलेल्या एका केंद्रात मी कपाट पाहिलं, तर फाइली त्या आकड्यानेच लावलेल्या होत्या, मोठे आकडे वरच्या कप्प्यात. पोलीस ठाण्यात बाईला घेऊन गेलं की हवालदार आधी विचारणार, “मॅडम, किती आले?” सात सांगितलं की त्यांचा जीव भांड्यात. आता गंमत बघा. डेंजर असेसमेंटमध्ये सातपर्यंतच्या गटाला ‘कमी धोका’ असं म्हटलेलंच नाही. त्याचं नाव ‘बदलता धोका’ आहे, म्हणजे आज असा, उद्या कसा असेल सांगता येत नाही. तक्ता करणारीने तिच्या परीने काळजी घेतली होती. कोपऱ्यातल्या लाल आकड्यावर ती काळजी दिसत नाही.

त्यात हा आकडा कशाचा, हेही बघायला हवं. त्याच्याकडे बंदूक आहे का, याला जास्तीचे ४ गुण. आमच्या तालुक्यात बंदूक म्हणजे पाटलांच्या वाड्यावरची परवान्याची एखादी. त्याला कामधंदा नाही, याला जास्तीचे ३. शेतमजुरीच्या गावात उन्हाळ्यात अर्ध्या घरांना ते ३ गुण आपोआप मिळतात. आणि विसावा प्रश्न, ‘तू स्वतः कधी जीव द्यायची धमकी दिलीस का, प्रयत्न केलास का?’ हा तर बेरजेत धरायचाच नसतो. १ ते १९ ची बेरीज करायची, असं खाली स्पष्ट लिहिलंय. त्यांच्या दृष्टीने ते बरोबर आहे, कारण तो तक्ता नवऱ्याच्या हातून खून होण्याचा धोका मोजायला केलाय. आमच्या टेबलासमोर बसलेल्या बाईचा धोका मात्र दोन्हीकडून येतो. कधी तो मारेल म्हणून, कधी ती गोठ्यातली फवारणीच्या औषधाची बाटली उघडेल म्हणून.

ओळख पटू नये म्हणून तीन-चार जणींची मिळून एक बाई सांगते. नवरा नोकरीला, दारू नाही, हत्यार नाही, अजून एकत्रच राहतात. फोन तपासतो, माहेरी बोलू देत नाही, दुसऱ्या बाळंतपणात पोटावर लाथ मारली होती, वर्षभरात मारणं वाढलंय. बेरीज चार-पाचाच्या पुढे जात नाही. उठता उठता ती विचारते, “माझं काही बरंवाईट झालं तर पोरांचं कोण बघतं, सरकार?” या वाक्याला तक्त्यात गुण नाहीत. नमुना ५ मध्ये ते तिसऱ्या रकान्यात तिच्याच शब्दांत जातं, आणि चौथ्यात लगेच कामं लिहावी लागतात. फवारणीचं औषध घरातून हलवून चुलत सासऱ्यांच्या खोपटात कुलपात. आशाताईंना विश्वासात घ्यायचं. १४४१६ वर टेलि-मानसला, म्हणजे सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनला, फोन इथेच बसून, स्पीकर बंद ठेवून. आमचा नंबर तिच्या मोबाइलमध्ये ‘गॅस बुकिंग’ नावाने. आपण होऊन फोन करायचा नाही, तिचा मिस्ड कॉल आल्यावर दुपारी ती बोअरवर पाण्याला जाते तेव्हाच करायचा. आधार, रेशनकार्ड, मुलांचे दाखले यांच्या झेरॉक्स शेजारच्या काकूंकडे. शेवटची एसटी किती वाजता, आणि ती चुकली तर कोणाच्या ओट्यावर थांबायचं. पाचवा रकाना कोर्टाचा: कलम १८ खाली संरक्षण आदेश, गरज पडली तर कलम २३ खाली अंतरिम. आदेश मोडला तर तो दखलपात्र, अजामीनपात्र गुन्हा आहे, हे तिला तिथेच सांगून ठेवायचं.

आकड्यातून यातलं एकही काम निघत नाही, हीच माझी तक्रार. ब्रिटनमध्ये १४ आले की पुढे बैठक आहे; तो आकडा म्हणजे त्या बैठकीचं तिकीट. (आणि डॅश आत्महत्येच्या विचारांबद्दल विचारतो, ते मोजतोही, आणि नवऱ्याशिवाय आणखी कुणाची भीती वाटते का, हेही विचारतो. सासू, दीर, भावकी सगळे त्यात येतात. दोघांत निवडायचाच असेल तर आपल्याकडे डॅश बरा.) आपल्याकडे १८ आले तरी पुढचं टेबल कुठलं, हे आपणच शोधायचं. या कायद्याखाली नेमलेले, पण अतिरिक्त कार्यभार सांभाळणारे संरक्षण अधिकारी, ठाण्यातल्या ओळखीच्या ताई, सरकारच्या सखी (वन स्टॉप) केंद्रात जास्तीत जास्त ५ दिवसांचा निवारा. नमुना ५ निदान कोर्टापर्यंतची वाट कागदावर आखून देतो.

नमुना ५ चेही त्रास आहेतच. त्याची भाषा सरकारी, रकाने इतके अरुंद की तिसऱ्या ओळीनंतर अक्षर मुंगीएवढं होतं. नीट भरायला तास-सव्वा तास लागतो, आणि बाहेर दोघी ताटकळत असतात. काही ठिकाणी तो आधीच्या केसवरून जसाच्या तसा उतरवलेला मी पाहिलाय, फक्त नाव बदललेलं. असा नमुना ५ कोपऱ्यातल्या आकड्याहून वाईट, कारण तो विचार केल्यासारखा दिसतो. शिवाय नियमांनुसार संरक्षण अधिकाऱ्याने तो कलम १२ च्या, म्हणजे कोर्टात दाद मागायच्या, अर्जाच्या वेळी करायचा. बहुतेक बायकांना पहिल्या भेटीत कोर्ट नकोच असतं. “फक्त त्याला समज द्या,” एवढंच त्यांचं म्हणणं. आम्ही तेच पाच रकाने आडव्या फुलस्केपवर आखून घेतलेत. पाचवा रिकामा राहिला तरी चालतो. अर्ज करायचा ठरला की मग छापील नमुन्यावर उतरवायचा.

मला हा कागद पटण्याचं दुसरं कारण म्हणजे तो जुना व्हायला लागला की लगेच कळतं. औषधाची बाटली परत घरात आली, काकू गावाला गेल्या, की योजना मोडलीच. आकडा वर्षभर तसाच ताजा दिसतो. धोका मात्र ठरावीक दिवशी उसळतो: समन्स त्याच्या हातात पडतं तो दिवस, ती मुलांना घेऊन माहेरी जाते तो आठवडा, पोटगीचा आदेश होतो ती तारीख. बाई घर सोडते तेव्हा धोका कमी होत नाही, बहुतेक वेळा वाढतो. डेंजर असेसमेंटही घर सोडल्याला जास्तीचे ४ गुण देतो ते याचसाठी. म्हणून आमच्या कागदाच्या डोक्यावर आकड्याच्या जागी ‘पुढची अवघड तारीख’ असते, आणि त्याच्या आदल्या दिवशी कुणी फोन करायचा त्या ताईंचं नाव.

तक्ता पूर्ण टाकून दिलाय असंही नाही. त्यातले आपल्याकडे लागू पडणारे प्रश्न एका पुठ्ठ्यावर लिहून टेबलाच्या काचेखाली ठेवलेत: गळा, गरोदरपण, जबरदस्ती, जिवे मारायची धमकी, त्याने स्वतः मरायची दिलेली धमकी, मागावर राहणं, मुलांना इजा. त्यात आमचे दोन घातले: घरात पेटवायचं किंवा प्यायचं काय काय आहे, आणि मारताना आणखी कोण हजर असतं. नवी मुलगी बोलता बोलता खाली बघते आणि विचारते. कॅलेंडरही ठेवलंय. फक्त बेरीज करत नाही.

तरीही काही ठिकाणी मी स्वतः तक्ता घ्या म्हणेन. दवाखान्याच्या अपघात विभागात, जिथे बाईसोबत दहा मिनिटं मिळतात आणि सासू दाराशी उभी असते, तिथे पाच रकाने भरणं शक्य नाही. मोठ्या शहरात जिथे दर सहा महिन्यांनी कर्मचारी बदलतात, तिथेही सगळ्यांना एका मापात आणायला तो बरा पडतो. पण डेंजर असेसमेंटच्या गुणांची किल्ली रीतसर प्रशिक्षण घेतलेल्यांसाठी आहे. कुणाच्या तरी व्हॉट्सअ‍ॅपवरून आलेलं भाषांतर छापून बेरजा करू नका.

पोलीस आकड्याशिवाय हलत नाहीत, हा आक्षेप मला नेहमी ऐकू येतो. थोडा खरा आहे. पण १९८४ मध्ये टिसने (टाटा समाजविज्ञान संस्थेने) मुंबई पोलिसांबरोबर विशेष कक्ष सुरू केला, तेव्हा समाजकार्यकर्तीला पोलिसांच्याच आवारात बसवलं, आणि त्याचा उपयोग कुठल्याही गुणपत्रिकेपेक्षा जास्त झाला असं माझं मत आहे. आमच्याकडे तसं टेबल नाही. आम्ही चौथ्या रकान्याची झेरॉक्स, बाईची संमती असेल तरच आणि लपवायच्या गोष्टी गाळून, ठाण्यात देतो. ‘धोका १६’ वाचून साहेब मान हलवतात. ‘शुक्रवारी समन्स लागणार आहे, शनिवारी तिच्या वस्तीवर एक गस्त हवी’ असं वाचल्यावर काय करायचं ते त्यांनाही कळतं, आणि नाही केलं तर तेही कागदावर दिसतं.

अनुदान देणारे मात्र आकडा मागतातच. ‘अतिजोखीम केसेस किती’ असा रकाना त्यांच्या तिमाही अहवालात असतो. तिथे आम्ही किती सुरक्षा योजना केल्या आणि त्यांतल्या किती त्या तिमाहीत बदलाव्या लागल्या, हे देतो. पहिल्यांदा फोन आला होता, हे काय म्हणून. समजावून सांगितल्यावर त्यांनी तेच लिहून घेतलं.