एक दांडगा की पुष्कळ साधे? क्रे-१ आणि परम ८०००

बेळगावच्या उद्यमबागेत मामाचं लेथचं वर्कशॉप आहे. मोठी ऑर्डर आली की तो काम शेजारच्या चार-पाच शेडमध्ये वाटून देतो. क्रे-१ आणि परम ८००० या दोन महासंगणकांतला फरक मला तिथंच उमगला.

१९७६ चं क्रे-१ म्हणजे एकच दांडगा प्रोसेसर. ८० मेगाहर्ट्‌झ, वजन पाच टनांवर, थंड ठेवायला फ्रिऑन. एका सूचनेत आकड्यांची अख्खी रांग हाकायची, ही त्याची करामत. फोरट्रान भाषेतला प्रोग्रॅम यंत्राच्या भाषेत उतरवणारा कंपायलर साधी लूप, म्हणजे पुन्हापुन्हा करायचं तेच गणित, आपणच तशी बसवून द्यायचा, म्हणून प्रोग्रॅमर सुखी. ऑपरेटिंग सिस्टीम मात्र खास त्याच्यापुरती लिहिलेली.

पुण्याच्या सी-डॅक या सरकारी संगणक संस्थेचं परम (१९९१) नेमकं उलट: बाजारात मिळणारे ट्रान्सप्युटर, म्हणजे जोडकामासाठीच बनवलेले छोटे प्रोसेसर, एकमेकांना जोडलेले. इथं काम वाटायचं कसं, ही डोकेदुखी प्रोग्रॅमरची. मामाचंही तेच, एका शेडनं उशीर केला की सगळा माल अडतो.

तरी माझा कौल परमच्या वाटेला. पुढं पुष्कळ प्रोसेसर जोडायचीच रीत पडली, त्यांच्यासाठी लिनक्स ही फुकटची ऑपरेटिंग सिस्टीम आली, आणि नोव्हेंबर २०१७ पासून जगातल्या सर्वांत वेगवान यंत्रांच्या टॉप ५०० यादीतले सगळे महासंगणक त्यावरच चालतात. क्रेभोवतीच्या गादीच्या बाकड्याची ऐट मात्र त्यांच्यात नाही.