विश्रामबागची रविवारची फिजिक्स बॅच: रिलेटिव्हिटीसाठी लई भारी

सांगलीत बीएस्सी फिजिक्सला क्लास शोधत असाल तर ही बॅच बिनधास्त लावा. मी स्पेशल रिलेटिव्हिटीसाठी (आइन्स्टाइनचा सापेक्षतेचा सिद्धांत) लावली, कारण कॉलेजात लेंग्थ कॉन्ट्रॅक्शन (धावती वस्तू धावायच्या दिशेनं आखूड भरते ते) म्हणजे फॉर्म्युला लिहा, आकडे घाला, मार्क घ्या एवढंच, डोक्यात काय शिरत नाही.

इथं सर आधी फॉर्म्युल्याला हातच लावत नाहीत. पहिला प्रश्न, धावत्या गाडीची लांबी मोजायची म्हणजे करायचं काय? दोन्ही टोकांच्या खुणा एकाच क्षणी रुळावर करायच्या. आणि हा ‘एकाच क्षणी’ प्लॅटफॉर्मवाल्याचा वेगळा, गाडीतल्याचा वेगळा, सगळा विषय इथंच आहे खरं तर!

मग मिरज जंक्शनवर 500 मीटरची गाडी, 300 मीटरचा प्लॅटफॉर्म, स्पीड प्रकाशाच्या 80 टक्के असं धरलं. प्लॅटफॉर्मवाल्याला गाडी 300 मीटर भरते, म्हणजे एका क्षणी बरोब्बर मावते, पण गाडीतला म्हणतो माझी गाडी 500 चीच आहे, प्लॅटफॉर्मच 180 चा झालाय, मग मावली कशी? सरांनी प्रत्येकाकडनं ग्राफ पेपरवर काढून घेतलं, एक रेघ इंजिनाची, एक शेवटच्या डब्याची, आणि उत्तर आपल्याच पेन्सिलीखाली आलं: गाडीतल्याच्या घड्याळात इंजिन पुढच्या टोकाला आधी पोचतं आणि शेवटचा डबा 1.33 मायक्रोसेकंदानं नंतर प्लॅटफॉर्मला लागतो. दोघंही बरोबर.

म्यूऑन (इलेक्ट्रॉनसारखेच पण जड, क्षणात मोडणारे कण) पण मस्त घेतले. त्यांचं सरासरी आयुष्य 2.2 मायक्रोसेकंद, त्यात प्रकाशसुद्धा 660 मीटरच जातो, तरी वातावरणात वर कित्येक किलोमीटरवर तयार झालेले म्यूऑन जमिनीवर सापडतात, कारण त्यांच्या बाजूनं बघितलं तर मधली हवाच आखडलेली असते. इतिहास थोडक्यात होता, 1887 चा मायकेल्सन-मॉर्ली प्रयोग (प्रकाशाचा वेग दिशेनुसार बदलतो का ते बघणारा), मग लांबी आखडते ही कल्पना मांडणारे फिट्झजेराल्ड-लॉरेन्ट्झ, मग 1905 चा आइन्स्टाइन, तेवढा पुरतो.

एक स्टार कापला तो शेवटच्या भागासाठी. मोजलेली लांबी आखडते, पण फोटोत ती वस्तू वळल्यासारखी दिसते, कारण लांबच्या भागाचा प्रकाश आधी निघालेला असतो, हे 1959 मध्ये पेनरोज आणि टेरेलनी दाखवलं. एवढा भारी मुद्दा शेवटच्या दहा मिनिटांत उरकला, त्याला अख्खा रविवार द्या सर. बसायला पण जरा दाटीच होते, ग्राफ पेपर मांडीवर घेऊन काढावा लागतो. आयआयटी जॅमवाल्यांनी (एमएस्सीची प्रवेश परीक्षा) तर लावाच, चार स्टार.