एका विमानाची किंमत: भागाकार की आयुष्यभराचा खर्च?

वरणगावला टपरीवर काडतुसांच्या फॅक्टरीतले निवृत्त लोक बसले, की लढाऊ विमानांच्या किमतीचा हिशोब असाच निघतो. २०१६ चा राफेल करार, सुमारे ५९,००० कोटी, भागिले ३६: एक विमान १,६०० कोटींच्या वर. २०२१ चे ८३ तेजस, सुमारे ४८,००० कोटी: एक ५८० च्या आसपास. झालं! पण राफेलच्या रकमेत क्षेपणास्त्रं, सुटे भाग, देखभालही धरलीय, ते कोण सांगणार?

दुसरी पद्धत इंधन, दुरुस्ती, प्रशिक्षण असं सगळं आयुष्य मोजते. आकडे अंदाजाचे, म्हणून भांडणं जास्त. तरी मला हीच पटते. रावेरचा केळीवाला ट्रॅक्टर घेताना शोरूमचा भाव एकदाच विचारतो. डिझेल किती पिणार आणि मेकॅनिक जवळ आहे का, हे तीनदा.