वय मागे नेणारी बुरशी: आमची फसवणूक कशी झाली

माझ्या वडिलांना विस्मरणाचा आजार असल्याचे निदान झाल्यावर साधारण वर्षभराने मी मोबाइलवर दिसलेल्या एका जाहिरातीवर विश्वास ठेवला, हिमालयातील दुर्मीळ बुरशीपासून केलेली म्हणून सांगितलेली पावडर विकत घेतली आणि त्यात ६०,५०० रुपये गमावले. ज्यांच्या घरात असा रुग्ण आहे त्यांच्यापर्यंतही ही जाहिरात पोहोचेल, या काळजीने मी हे सविस्तर लिहीत आहे.

जाहिरातीचा दावा असा होता की या बुरशीमुळे शरीरातला काळ मंदावतो, नव्वद दिवसांत वय दहा वर्षांनी मागे जाते आणि गेलेली स्मृती परत येते. मी चौकशी केली तेव्हा फोनवर बोलणारा माणूस अतिशय शांत आणि माहितगार वाटला. त्याने मला पहिल्या वाक्यापासून ताई म्हटले, बाबांना रात्री झोप लागते का, ते घरातल्यांना ओळखतात का, हे विचारले आणि मग त्या बुरशीची हकीकत सांगितली. तिला उत्तराखंडात कीडाजडी आणि नेपाळात यारसागुंबा म्हणतात. तिबेटी भाषेतील मूळ नावाचा अर्थ उन्हाळ्यात गवत आणि हिवाळ्यात किडा असा आहे. साधारण तीन ते पाच हजार मीटर उंचीवरच्या कुरणांमध्ये, जमिनीखाली राहणाऱ्या पतंगाच्या अळीला या बुरशीची लागण होते, अळी मरते, तिचे शरीर बुरशीच्या तंतूंनी भरून जाते आणि बर्फ वितळल्यावर तिच्या डोक्यातून तपकिरी काडीसारखा कोंब जमिनीबाहेर येतो. पिथोरागड आणि चमोलीकडील गावकरी मे-जूनमध्ये बुग्यालांवर, म्हणजे या उंच कुरणांवर जाऊन, अक्षरशः पोटावर सरपटत, असे कोंब शोधतात. त्याचे व्हिडिओही त्याने मला पाठवले.

हे सगळे खरे आहे, आणि मी फसले ती नेमकी इथेच. त्याने सांगितलेल्या अनेक गोष्टी मी त्या रात्री पडताळून पाहिल्या आणि त्या बरोबर निघाल्या. आंतरराष्ट्रीय निसर्ग संवर्धन संघाने २०२० साली ही बुरशी असुरक्षित प्रजातींच्या यादीत घातली, हेही खरे निघाले. तेवढ्यावरून मी त्याचा शेवटचा दावाही खरा धरला, जो मला कुठेच सापडला नव्हता. ही बुरशी घेतल्याने माणसाचे वय मागे जाते किंवा विस्मरण बरे होते, असे कोणत्याही वैद्यकीय चाचणीने सिद्ध केलेले नाही. १९९३ साली चिनी महिला धावपटूंनी बीजिंगमध्ये जागतिक विक्रम मोडले आणि त्यांच्या प्रशिक्षकाने त्याचे श्रेय याच बुरशीला दिले, हेही त्याने सांगितले होते. परंतु त्याच प्रशिक्षकाच्या सहा धावपटूंना २००० सालच्या ऑलिम्पिकआधी रक्तचाचण्यांनंतर संघातून वगळण्यात आले, हा भाग त्याने गाळला आणि मीही तिथवर वाचले नाही.

आधी विश्वास बसावा म्हणून त्याने मला अख्खे नग घेण्यास सांगितले. दहा ग्रॅमचे १४,००० रुपये मी यूपीआयने भरले आणि मखमली अस्तराच्या डबीतून बारा नग आले. ते पाहून माझी खात्री पटली, म्हणून शंभर ग्रॅमच्या एका डबीला १५,५०० रुपये याप्रमाणे शुद्ध कीडाजडीच्या पावडरीच्या तीन डब्या मी मागवल्या. अख्ख्या नगांचा भाव किलोला चौदा लाख रुपये पडत होता आणि त्याच वस्तूच्या पावडरीचा दीड लाखाच्या आसपास. दळल्याने वस्तू नऊपट स्वस्त होत नाही. हा हिशेब मी पैसे भरण्याआधी केला असता, तर पुढचे काहीच घडले नसते.

पावडर सुरू करताना त्याने आणखी एक अट घातली. इतर औषधांमुळे पावडरीचा गुण मारला जातो, म्हणून बाबांची स्मरणशक्तीची गोळी तीन महिने बंद ठेवावी, असे तो म्हणाला. मी डॉक्टरांना न विचारता ती बंद केली. पहिल्या दोन आठवड्यांत बाबांनी दोनदा मला नावाने हाक मारली आणि एकदा जुन्या शेजाऱ्यांची चौकशी केली. आम्ही त्याचे श्रेय पावडरीला दिले, आणि त्या माणसाने तर काळ उलटा फिरू लागल्याचे ते लक्षण असल्याचे सांगितले. या आजारात चांगले आणि वाईट दिवस येतच असतात, हे मला ठाऊक होते. तरीही आशेपोटी मी फक्त चांगले दिवस मोजत राहिले.

चौथ्या आठवड्यात बाबांना उलट्या सुरू झाल्या आणि पाचव्या आठवड्यात ते दुपारी घराबाहेर जाऊन रस्ता चुकले. त्या रात्री मी डबीतले दोन नग कोमट पाण्यात टाकले. अर्ध्या तासात एकाचे पीठ सुटून पाणी गढूळ झाले आणि आतून बारीक धातूची तार निघाली. दुसऱ्या दिवशी वनस्पतिशास्त्र शिकवणाऱ्या एका परिचित बाईंनी उरलेले नग भिंगाखाली पाहिले. खऱ्या अळीच्या अंगावर वीस ते तीस वळ्या असतात, पायांच्या आठ जोड्या असतात आणि त्यांतल्या मधल्या चार ठळक दिसतात. कोंब डोक्यातून निघालेला असतो आणि अळी मोडली तर आतला भाग पिवळसर पांढरा दिसतो. आमच्या नगांवरच्या वळ्या साच्यातल्या होत्या, सगळ्यांवर अगदी एकसारख्या. पाय नुसते उठवलेले होते आणि कोंब डिंकाने चिकटवलेला होता. वाळलेला खरा नग बहुधा अर्ध्या ग्रॅमच्या आत-बाहेर भरतो. आमचे बारा नग मिळून दहा ग्रॅम भरत होते, याचे कारण ती तार.

वजन वाढवण्यासाठी तार किंवा शिसे घालणे ही या व्यापारातली जुनी लबाडी आहे. अशा पावडरीतून शिसे पोटात गेल्याने तैवानमध्ये विषबाधा झाल्याची नोंद १९९६ साली वैद्यकीय नियतकालिकात प्रसिद्ध झाली होती. खऱ्या बुरशीबाबतही २०१६ साली चीनच्या औषध नियामकांनी तिच्यातल्या आर्सेनिकच्या प्रमाणावरून इशारा दिला होता. त्यामुळे अस्सल माल मिळाला असता तर बाबांना लाभ झाला असता, असेही मी आता मानत नाही. आपल्याकडच्या १९४५ च्या औषध नियमांना जोडलेल्या ‘जे’ अनुसूचीत ज्या व्याधींवर औषध गुणकारी असल्याचा दावा करता येत नाही त्यांची यादी आहे आणि तिच्यात अकाली वार्धक्याचा समावेश आहे. जाहिरातीतला वय मागे नेण्याचा दावा वाचूनच मी थांबायला हवे होते.

मी पैसे परत मागितले तेव्हा त्याने आधी बाबांच्या शरीरात विष साठल्यामुळे उलट्या होत असल्याचे सांगून चौथी डबी घ्यायला सुचवले आणि नंतर तो क्रमांक बंद झाला. १९३० या सायबर मदत क्रमांकावर मी तक्रार नोंदवली, पण शेवटची रक्कम भरून तोवर जवळपास सहा आठवडे उलटले होते आणि त्या खात्यात काहीही शिल्लक नव्हते. हा फोन पहिल्या काही तासांत केला तर रक्कम गोठवली जाण्याची शक्यता जास्त असते. तारा, डबी, पावतीचे फोटो आणि संभाषण मी जपून ठेवले असून तपास अधिकाऱ्यांकडे त्यांच्या प्रती दिल्या आहेत.

बाबांच्या डॉक्टरांना मी सगळे सांगितले. ते रागावले नाहीत. त्यांनी शिसे आणि आर्सेनिक यांसाठी रक्त व लघवीची तपासणी करून घेतली. गोळीत इतका मोठा खंड पडल्यामुळे ती पूर्वीच्या मात्रेने एकदम देता येत नव्हती, म्हणून त्यांनी ती पुन्हा सर्वांत कमी मात्रेपासून सुरू केली. बाबा आता कधीकधी मला माझ्या आत्याच्या नावाने हाक मारतात, आणि ती गोळी मी रोज रात्री स्वतःच्या हाताने त्यांना देते.